वर्गातली स्लाइड पुस्तकात जाते तेव्हा: वैद्यकीय शिक्षकांसाठी कॉपीराइट

शरीररचनाशास्त्राच्या तासाला ब्रेकियल प्लेक्ससची (खांद्याजवळच्या नसांच्या जाळ्याची) आकृती पडद्यावर दाखवली, तर कायदा शिक्षकाच्या बाजूने असतो. तीच स्लाइड पीडीएफ होऊन बॅचच्या ग्रुपवर गेली तरी बहुधा चालते. पुढे ती औषध कंपनीने पुरस्कृत केलेल्या सीएमईत, म्हणजे डॉक्टरांच्या निरंतर शिक्षणाच्या कार्यक्रमात, दिसते, मग यूट्यूबवर चढते आणि काही वर्षांनी प्रकाशकाकडे ‘आकृती ४.२’ म्हणून जाते. आकृती तीच आणि शिक्षकही तोच, पण दर पायरीला कायद्यातली तिची जागा बदललेली असते. वैद्यकीय महाविद्यालयांतले कॉपीराइटचे तंटे वर्गात क्वचितच जन्मतात. साहित्य वर्गाबाहेर पडते आणि ते मुळात कुठून घेतले हे कुणालाच सांगता येत नाही, तिथून ते सुरू होतात.

सुरुवात पुस्तकापासूनच करू. कॉपीराइटवरचा जाडजूड ग्रंथ घेण्याआधी मूळ कायद्याची ‘बेअर अ‍ॅक्ट’ प्रत घ्या: कॉपीराइट अधिनियम, १९५७ आणि सोबत कॉपीराइट नियम, २०१३. प्रत कोणत्या सालची आहे ते मात्र नीट पाहा. २०१२च्या दुरुस्तीने कलम ५२ची अक्षरेच सरकली. जुन्या पुस्तकांत शिक्षकाची सवलत ५२(१)(एच) म्हणून दिलेली असते, आज ती ५२(१)(आय) आहे. आजचे ५२(१)(एच) ही वेगळीच तरतूद आहे. त्याच दुरुस्तीपूर्वी छायाचित्राची मुदत प्रसिद्धीपासून ६० वर्षे होती, आता ती छायाचित्रकाराच्या हयातीला जोडलेली आहे. आणि पुस्तकात अपिलांसाठी बौद्धिक संपदा अपील मंडळाकडे जायला सांगितले असेल, तर ते २०२१पूर्वीचे. ते मंडळ बरखास्त होऊन त्याचे काम न्यायालयांकडे गेले. महाविद्यालयाच्या ग्रंथालयात या विषयावरचे एखादे जुने पुस्तक असते आणि त्यावरूनच विभागात नियम ठरतात, म्हणून हे आधी सांगितले.

आता वर्ग. कलम ५२(१)(आय) म्हणते की शिक्षकाने किंवा विद्यार्थ्याने शिकवण्याच्या ओघात केलेली प्रत, परीक्षेच्या प्रश्नात वापरलेला मजकूर आणि उत्तरात वापरलेला मजकूर हे उल्लंघन ठरत नाही. ‘शिकवण्याच्या ओघात’ म्हणजे किती, याचे उत्तर दिल्ली विद्यापीठाच्या झेरॉक्स खटल्याने दिले. ऑक्सफर्ड, केंब्रिज आणि टेलर अँड फ्रान्सिस या प्रकाशकांनी २०१२मध्ये रामेश्वरी फोटोकॉपी सर्व्हिस आणि विद्यापीठावर दावा लावला. अभ्यासक्रमानुसार निवडक प्रकरणे एकत्र बांधून विकणे हे उल्लंघन आहे, असे त्यांचे म्हणणे होते. १६ सप्टेंबर २०१६ला एकसदस्यीय पीठाने दावा फेटाळला. ९ डिसेंबर २०१६ला खंडपीठाने अर्थ अधिक रुंद केला: शिकवणे म्हणजे फक्त तासाचे मिनिट नव्हे, तयारीपासून अभ्यास पुरा होईपर्यंतची सगळी प्रक्रिया त्यात येते. प्रतींची संख्या किंवा पानांची टक्केवारी ही कसोटी नाही, त्या शिकवण्यासाठी तेवढा मजकूर लागतो का ही कसोटी आहे. झेरॉक्सवाला पैसे घेतो एवढ्याने सवलत जात नाही.

हा निकाल सांगताना त्याचा उरलेला अर्धा भाग मात्र बहुतेक जण वगळतात. निवडलेला मजकूर शिक्षणासाठी खरोखर आवश्यक होता का, आणि संपूर्ण पुस्तकच्या पुस्तक झेरॉक्स करणे या सवलतीत बसते का, हे मुद्दे खंडपीठाने पुराव्यानिशी तपासण्यासाठी मोकळे ठेवले होते. मार्च २०१७मध्ये प्रकाशकांनी दावा मागे घेतला आणि ते मुद्दे तसेच राहिले. म्हणून फार्माकॉलॉजीच्या अख्ख्या पुस्तकाची स्पायरल बाइंडिंग केलेली प्रत ‘दिल्ली विद्यापीठाच्या निकालाने चालते’ असे कुणी सांगत असेल, तर ते त्या निकालात नाही. विषयानुसार चार पुस्तकांतली चार प्रकरणे निवडून दिलेला संच आणि दुकानातल्या पुस्तकाऐवजी वापरायची पूर्ण प्रत यांत फरक आहे.

सीएमई, यूट्यूब आणि फी घेऊन चालणारी अ‍ॅप्स यांच्यासाठी हीच सवलत ओढूनताणून मांडता येते, पण ती बाजू कमकुवत आहे. तिथला प्रेक्षक तुमचा विद्यार्थी नसतो आणि व्हिडिओ कायम उपलब्ध राहतो. अशा ठिकाणी स्लाइड नेताना उसनी चित्रे काढून परवानगीची किंवा मुक्त परवान्याची चित्रे घालावीत. हे काम शेवटच्या रात्री होत नाही. म्हणून पहिल्यांदा चित्र घेतानाच स्लाइडच्या खालच्या ‘नोट्स’च्या रकान्यात पाच गोष्टी टाइप करा: मूळ पुस्तक किंवा लेख, आवृत्ती, पान किंवा आकृती क्रमांक, हक्कधारक, परवाना. अर्ध्या मिनिटाचे काम आहे. पुढे पुस्तक करताना हेच महिना वाचवते.

वैद्यकीय ज्ञानावर मालकी कुणाचीच नसते. मीडियन नर्व्ह दोन मुळांनी बनते आणि ती लॅटरल व मीडियल कॉर्डमधून येतात, ही वस्तुस्थिती आहे. ती दाखवण्याचा कोन, रंगसंगती, काय गाळले, कोणती नावे कुठे मांडली, ही चित्रकाराची अभिव्यक्ती असते आणि संरक्षण तिला मिळते. मौलिकतेसाठी किती कौशल्य लागते हे सर्वोच्च न्यायालयाने २००७च्या ईस्टर्न बुक कंपनीच्या निकालात सांगितले: निव्वळ मेहनत पुरत नाही, थोडी तरी सर्जनशील निवड हवी. शरीराच्या आकृतीत ती निवड जवळजवळ नेहमीच असते. त्यामुळे ‘आम्ही ती पुन्हा काढली’ हे म्हणणे दर वेळी टिकत नाही. ट्रेसिंग करून रेघा जाड करणे, डावी बाजू उजवी करणे किंवा रंग बदलणे म्हणजे रूपांतर झाले, आणि रूपांतराचा हक्कही मूळ हक्कधारकाचा असतो. खाली ‘अमुक पुस्तकावर आधारित’ असे लिहिल्याने ऋण मान्य होते, परवानगी मिळत नाही.

पुन्हा काढायची योग्य रीत अशी. आधी त्या आकृतीतून विद्यार्थ्याला नेमके काय कळायला हवे ते एका वाक्यात लिहा. लागणाऱ्या नावांची यादी करा. तीनचार पुस्तके आणि शक्य असेल तर डिसेक्शन हॉलमधला नमुना पाहून घ्या. मग पुस्तके मिटून कच्चे रेखाटन करा आणि अचूकता तपासण्यासाठीच ती पुन्हा उघडा. कच्च्या कागदावर तारीख घालून तो जपून ठेवा. वाद झाला तर स्वतंत्र निर्मितीचा हाच पुरावा असतो.

निदानाच्या निकषांचे तक्ते हा वेगळा गुंता आहे. निकषांमागचे वैद्यकीय तथ्य मुक्त असते, पण छापील शब्दरचना आणि तक्त्याची मांडणी मुक्त असेलच असे नाही. मानसोपचारात हे सर्वांत ठळक दिसते. अमेरिकन सायकियाट्रिक असोसिएशन आपल्या डीएसएमचे (मानसिक आजारांच्या निदानाच्या पुस्तिकेचे) निकष शब्दशः छापायला परवानगी मागते. जागतिक आरोग्य संघटनेचे आयसीडी-११ हे आजारांचे वर्गीकरण मात्र क्रिएटिव्ह कॉमन्सच्या मुक्त परवान्याखाली आहे. पण तो ‘एनडी’ प्रकारचा आहे, म्हणजे जसेच्या तसे वापरा, त्यात बदल करून प्रसिद्ध करू नका.

चित्रांच्या बाबतीत मुंबईशी थेट नाते असलेले एक उदाहरण आहे. ‘ग्रेज अ‍ॅनाटॉमी’ची पहिली आवृत्ती १८५८मध्ये लंडनला निघाली. मजकूर हेन्री ग्रेचा होता आणि ३६३ आकृत्या हेन्री वँडाइक कार्टरच्या. ग्रेला दर हजार प्रतींमागे १५० पौंड ठरले. कार्टरला एकदाच १५० पौंड मिळाले, रॉयल्टी नाही. मुखपृष्ठानंतरच्या पानावर कार्टरचे नाव लहान टाइपात यावे यासाठीही ग्रेने खटपट केली. कार्टर त्याच वर्षी मुंबईला आला, ग्रँट मेडिकल कॉलेजात शरीररचना आणि शरीरक्रियाशास्त्राचा प्राध्यापक झाला, पुढे काही वर्षे साताऱ्यात होता आणि नंतर त्याच कॉलेजचा प्राचार्यही झाला. ज्या चित्रांमुळे ते पुस्तक विद्यार्थ्यांच्या हाती टिकले, त्यांचा मोबदला एका रकमेत संपला. वैद्यकीय चित्रकारांशी आजही असाच व्यवहार होतो, आणि तो लेखी नसला की उलटा लेखकाच्या अंगावर येतो. त्याकडे पुढे येतो.

मुदतीचे गणित मात्र सोपे आहे. भारतात लेखकाची किंवा चित्रकाराची हयात आणि मृत्यूनंतरच्या कॅलेंडर वर्षाच्या आरंभापासून ६० वर्षे. लेखक एकाहून जास्त असतील तर सर्वांत शेवटी गेलेल्याचा मृत्यू धरायचा. कार्टर १८९७मध्ये गेला, त्याच्या चित्रांवर कुणाचाही हक्क उरलेला नाही. वैद्यकीय चित्रकार फ्रँक नेटर १९९१मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या हातची चित्रे इथे २०५१च्या अखेरपर्यंत संरक्षित आहेत, आणि त्यांचे परवाने एल्सव्हिअरकडून घ्यावे लागतात. जुने चित्र घेतानाही ते जुन्याच छापील आवृत्तीवरून स्कॅन करा. कुणीतरी अलीकडे रंगवून, सुधारून वेबवर टाकलेल्या आवृत्तीवर त्या माणसाचा नवा हक्क असू शकतो.

मुक्त परवाने नीट वाचले तर वैद्यकीय शिक्षकाचे बरेच काम भागते. ओपनस्टॅक्सचे शरीररचना व शरीरक्रियाशास्त्राचे पुस्तक आणि सर्व्हिए मेडिकल आर्टची चित्रे ‘सीसी बाय’ या क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली आहेत. श्रेय द्या, विकत्या पुस्तकातही वापरा. रेडिओपीडियाच्या प्रतिमा ‘एनसी-एसए’ आहेत (‘एनसी’ म्हणजे व्यापारी वापर नाही): वर्गात उत्तम, किंमत लावलेल्या पुस्तकासाठी वेगळी परवानगी. स्टॅटपर्ल्सचे लेख ‘एनसी-एनडी’ आहेत. इथे मराठीत लिहिणाऱ्यांनी विशेष जपायला हवे, कारण ‘एनडी’ आकृतीवरची इंग्रजी नावे पुसून मराठी नावे घालून ती छापणे हेसुद्धा रूपांतर आहे आणि त्या परवान्यात ते बसत नाही. ‘एसए’ असेल तर तुम्ही बदललेली आकृतीही त्याच परवान्याखाली द्यावी लागते, आणि प्रकाशकाला ते आधी सांगावे लागते. श्रेयाच्या ओळीत चित्राचे नाव, कर्ता, मूळ ठिकाण, परवान्याचे पूर्ण नाव आणि काय बदल केला, एवढे हवे. ‘सौजन्य: इंटरनेट’ किंवा ‘सौजन्य: गूगल’ ही ओळ म्हणजे उल्लंघनाची लेखी कबुली आहे.

पबमेड सेंट्रल या वैद्यकीय लेखांच्या मोफत संग्रहावर लेख पूर्ण वाचायला मिळतो म्हणून त्यातली आकृती मुक्त आहे, हा समज फार पसरलेला आहे. परवान्याची ओळ त्या लेखातच शोधावी लागते. लेख ‘सीसी बाय’ असला तरी त्यातली एखादी आकृती ‘अमुक प्रकाशकाच्या परवानगीने’ आलेली असू शकते, आणि ती परवानगी तुमच्यापर्यंत वाहत येत नाही.

परवानगी मागायची पद्धत ठरलेली आहे. मोठ्या प्रकाशकांच्या लेखाच्या पानावर परवानगीचा दुवा असतो, तो बहुधा राइट्सलिंक या परवानग्या देणाऱ्या ऑनलाइन सेवेवर नेतो. तिथे वापराचा प्रकार, आकृत्यांची संख्या, छापील की डिजिटल, प्रती, भाषा आणि तुम्ही मूळ लेखक आहात का, हे भरले की किंमत लगेच दिसते. किंमत शून्य आली तरी ऑर्डर पूर्ण करा, कारण परवाना क्रमांक तेव्हाच मिळतो. एसटीएम या प्रकाशक संघटनेच्या मार्गदर्शक तत्त्वांवर सही केलेले प्रकाशक एकमेकांना एका लेखातल्या किंवा प्रकरणातल्या ३ आकृत्यांपर्यंत, आणि एका पुस्तकातल्या किंवा अंकातल्या ५पर्यंत, मोफत देतात. तुमचा प्रकाशक त्या यादीत आहे का, हे करारापूर्वी विचारून घ्या. ईमेलने मागायची असेल तर आकृतीचा पूर्ण संदर्भ, तुमच्या पुस्तकाचे नाव, प्रकाशक, अंदाजे प्रती आणि किंमत, भाषा, विक्रीचे देश, ई-बुक, पुढच्या आवृत्त्या आणि भाषांतरे, हे सगळे एकाच पत्रात लिहा. गोंधळ इथेच होतो. परवानगी मिळते फक्त छापील पहिल्या आवृत्तीची, ई-बुक निघते तेव्हा ती अपुरी पडते. उत्तर आले नाही तर परवानगी नाही असेच धरायचे. आणि नियतकालिकाला कॉपीराइट हस्तांतर करून दिलेला स्वतःचा जुना लेख असेल, तर स्वतःच्याच आकृतीसाठीही विचारावे लागते.

थीसिसच्या प्रश्नावल्या

पीजी विद्यार्थ्यांना सर्वांत जास्त फटका बसतो तो या भागात, आणि एथिक्स कमिटीच्या फॉर्मवर हा प्रश्न बहुधा नसतो. मोजपट्टी किंवा प्रश्नावली ही वाङ्मयीन कृती असते. मिनी-मेंटल स्टेट एक्झामिनेशन ही स्मृती आणि आकलन तपासणारी चाचणी १९७५मध्ये प्रसिद्ध झाली आणि पुढची पंचवीस वर्षे जगभर पुस्तकांत, वॉर्डांच्या भिंतींवर ती छापली गेली. २००१पासून तिचे हक्क पीएआर या अमेरिकी कंपनीकडे आहेत आणि अधिकृत फॉर्म विकत घ्यावा लागतो. औषधे नियमित घेतली जातात का हे मोजणारी मॉरिस्कीची आठ प्रश्नांची प्रश्नावली तर विनापरवाना वापरल्याबद्दल संशोधकांकडे प्रसिद्धीनंतर पैसे मागितले गेले आणि काही शोधनिबंध मागेही घ्यावे लागले. बेकची नैराश्य प्रश्नावली पिअर्सनकडून विकत घ्यावी लागते.

उलट पीएचक्यू-९ ही नैराश्याची प्रश्नावली छापायला, भाषांतर करायला, वाटायला कुणाचीही परवानगी लागत नाही. हॅमिल्टनची नैराश्य मोजपट्टी सार्वजनिक आहे. आरोग्याशी निगडित जीवनमान मोजणाऱ्या एसएफ-३६ची रँड संस्थेची आवृत्ती मोफत आहे, पण त्याच प्रश्नांची दुसरी, सुधारित आवृत्ती परवान्याने विकली जाते. सिनॉप्सिसमध्ये (थीसिसच्या आराखड्यात) नुसते ‘एसएफ-३६’ लिहिले की कोणती, हे गाइडलाही सांगता येत नाही. आवृत्तीचे पूर्ण नाव लिहा.

क्रम असा ठेवा. सिनॉप्सिस मंजुरीला जाण्यापूर्वी प्रत्येक मोजपट्टीचा हक्कधारक शोधा. मूळ लेखाच्या तळटीपेत आणि मोजपट्टीच्या अधिकृत संकेतस्थळावर तो सापडतो. विद्यार्थी असल्याचे, अनुदान नसल्याचे आणि नमुना किती हे सांगून परवानगी मागा. विद्यार्थ्यांना अनेक ठिकाणी ती मोफत मिळते. मराठी रूपांतर हवे असेल तर ते आधीच उपलब्ध आहे का, हे हक्कधारकालाच विचारा, कारण भाषांतराचा हक्क वेगळा असतो आणि वॉर्डात बसून केलेले भाषांतर उलटभाषांतराने (पुन्हा मूळ भाषेत आणून) तपासलेले नसेल तर ते शास्त्रीयदृष्ट्याही टिकत नाही. परवानगीचे पत्र परिशिष्टात जोडा. प्रश्नावलीचा पूर्ण मजकूर परिशिष्टात छापायची मुभा मात्र वेगळी मागावी लागते. वापराची परवानगी म्हणजे छापण्याची परवानगी नव्हे. थीसिस कपाटात असेपर्यंत हा फरक दिसत नाही, डिजिटल भांडारात चढली की दिसतो.

टर्निटिन या मजकुरातले साम्य शोधणाऱ्या सॉफ्टवेअरचा टक्का कमी आला म्हणजे कॉपीराइट सुटला, असेही होत नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८च्या नियमांत १० टक्क्यांपर्यंतच्या साम्याला दंड नाही, पण तो वाङ्मयचौर्याचा नियम आहे. संदर्भ देऊन घेतलेले पूर्ण चित्र चौर्य नसते, तरी उल्लंघन असू शकते. साठ वर्षे उलटून गेलेल्या लेखकाचा मजकूर स्वतःच्या नावावर खपवणे हे उलटे: उल्लंघन नाही, चौर्य आहे.

रुग्णाच्या छायाचित्राला दोन कुलपे असतात. छायाचित्राचा कर्ता ते काढणारा असतो. रेसिडेंटने नोकरीचा भाग म्हणून काढले तर पहिला हक्क नियोक्त्याचा होऊ शकतो. रुग्णाची संमती ही पूर्ण वेगळी गोष्ट आहे. २००२च्या वैद्यकीय आचारसंहितेच्या कलम ७.१७नुसार ओळख पटेल असे छायाचित्र किंवा केस रिपोर्ट रुग्णाच्या परवानगीशिवाय प्रसिद्ध करता येत नाही. २०२३चे नवे नियम स्थगित झाल्याने हीच संहिता लागू आहे. डोळ्यांवर काळी पट्टी मारून ओळख लपत नाही, हे नियतकालिकांचे संपादक केव्हाच सांगू लागले आहेत. संमतीपत्र रुग्णाच्या भाषेत घ्या आणि त्यात वर्ग, नियतकालिक, पुस्तक, इंटरनेट हे चार वापर स्वतंत्र चौकटींत ठेवा. ‘शैक्षणिक उपयोगासाठी’ एवढीच सही घेतली तर विकत्या पुस्तकासाठी ती पुरेल याची खात्री नसते, आणि तोपर्यंत रुग्ण गावी परतलेला असतो.

मालकी कुणाची, करार कसा

कलम १७ म्हणते की नोकरीच्या ओघात केलेल्या कृतीचा पहिला मालक नियोक्ता, उलट करार नसेल तर. शासनाच्या निर्देशाखाली किंवा नियंत्रणाखाली झालेल्या कृतीचा पहिला मालक शासन. मग प्राध्यापकाने लिहिलेले पाठ्यपुस्तक कुणाचे? शिकवायला नेमलेल्या माणसाने आपणहून, आपल्या वेळेत लिहिलेले पुस्तक सर्वसाधारणपणे त्याचेच मानले जाते. इंग्लंडच्या अपील न्यायालयाने १९५२मध्ये व्याख्यानांबाबत हीच भूमिका घेतली होती. पण महाविद्यालयाने कार्यालयीन आदेशाने तयार करवून घेतलेले प्रात्यक्षिकांचे मॅन्युअल वेगळे. शासकीय सेवेत असाल तर सेवानियमांनुसार परवानगी किंवा माहिती द्यावी लागते का, हे आस्थापना शाखेला लेखी विचारा आणि उत्तराची प्रत पुस्तकाच्या फाइलमध्ये ठेवा. कराराआधी हे करावे, छपाईनंतर विचारण्यात अर्थ नाही.

प्रश्नपत्रिकाही वाङ्मयीन कृती आहेत. १९१६च्या लंडन विद्यापीठाच्या खटल्यापासून हे मान्य आहे. तिथे परीक्षक विद्यापीठाचे नोकर नसल्याने पहिला हक्क त्यांचाच ठरला होता. म्हणून विद्यापीठे परीक्षकांकडून हक्क लिहून घेतात, आणि ‘सोडवलेल्या प्रश्नपत्रिका’ काढणाऱ्यांना विद्यापीठाची परवानगी लागते. नीट-पीजी या पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेश परीक्षेत तर उमेदवाराला प्रश्न उघड न करण्याचा करारच मान्य करावा लागतो. आठवणीतून गोळा केलेले प्रश्न छापणाऱ्या लेखकाला कॉपीराइट आणि करारभंग अशा दोन्ही आघाड्यांवर उत्तर द्यावे लागू शकते.

चित्रकाराकडे वळू. पैसे देऊन काढवून घेतलेले छायाचित्र, रंगचित्र किंवा व्यक्तिचित्र यांचा पहिला मालक, उलट करार नसेल तर, काढवून घेणारा, असे कलम १७ सांगते. पाठ्यपुस्तकातली रेखाकृती किंवा फ्लोचार्ट त्यात बसतो का, यावर वाद होऊ शकतो. स्वतंत्र व्यवसाय करणाऱ्या चित्रकाराने पैसे घेऊन दिलेल्या २०० आकृत्या हस्तांतरपत्राशिवाय त्याच्याच राहू शकतात. बिल आणि पावती पुरत नाही. हस्तांतर लेखी, सहीचे हवे. त्यात मुदत लिहिली नाही तर कायदा ती ५ वर्षे धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत धरतो. पाच वर्षांनी दुसरी आवृत्ती निघते तेव्हा हे कळून उपयोग नसतो. चित्रकाराला प्रत्येक आवृत्तीमागे काही देण्याचे कलम घाला आणि आतल्या पानावर त्याचे नाव ठळक छापा. नाव हा कलम ५७चा नैतिक हक्क आहे आणि पैसे देऊन झाल्यावरही तो चित्रकाराकडेच राहतो.

प्रकाशकाशी करताना हेच कलम १९ लेखकाच्या बाजूने वापरता येते. कोणते हक्क, किती मुदत, कोणता प्रदेश, किती रॉयल्टी, हे करारात असलेच पाहिजे. एका वर्षात प्रकाशकाने हक्क वापरले नाहीत तर हस्तांतर आपोआप संपते, पण ‘करारात वेगळे म्हटले नसेल तर’ ही अट आहे, आणि छापील नमुना करारांत ते वेगळे म्हटलेले असू शकते. ती ओळ शोधा आणि तिथे १८ महिन्यांसारखी ठोस मुदत घाला. रॉयल्टी छापील किमतीवर आहे की प्रकाशकाच्या हाती पडलेल्या निव्वळ रकमेवर, हे बघा. विक्रेत्याची सूट वजा झाल्यावर त्याच टक्क्याची रक्कम बरीच खाली येते. करारावेळी जे माध्यम अस्तित्वात किंवा व्यापारी वापरात नव्हते, ते विशेष उल्लेखाशिवाय हस्तांतरात येत नाही, ही कलम १८मधली २०१२ची भर लेखकाने माहीत करून घ्यावी. वैद्यकीय पुस्तकाला दर काही वर्षांनी सुधारित आवृत्ती लागते. लेखकाने ती केली नाही तर प्रकाशक दुसऱ्याकडून करवून घेणार का, मुखपृष्ठावर कुणाचे नाव राहणार, आणि चुकीच्या मात्रेची जबाबदारी कुणाची, हे तीन प्रश्न करारातच मिटवा. परवानग्या मिळवण्याची आणि नुकसानभरपाईची जबाबदारी लेखकावर टाकणारे कलमही नीट वाचा. वरचा सगळा कागदोपत्री उद्योग त्याच कलमासाठी आहे.

संपादित ग्रंथात प्रत्येक प्रकरणाच्या लेखकाकडून वेगळे हस्तांतरपत्र घ्यावे लागते. संपादकाचा हक्क संकलनावर असतो, प्रकरणांवर नसतो. आणि गाइडने थीसिस तपासली म्हणून तो त्या लिखाणाचा सहलेखक होत नाही. थीसिसवरून पुस्तक करायचे तर विद्यार्थ्याची लेखी संमती लागते.

हक्कासाठी नोंदणी सक्तीची नाही. दावा लावायलाही ती लागत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाने २०२१च्या संजय सोयाच्या निकालात स्पष्ट केले. तरी पाठ्यपुस्तकाची नोंदणी करून ठेवावी, कारण नोंदवहीतला उतारा प्रथमदर्शनी पुरावा असतो. कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर फॉर्म १४ आणि सोबतची दोन विवरणपत्रे भरायची, वाङ्मयीन कृतीसाठी ५०० रुपये शुल्क, मग डायरी क्रमांक मिळतो. हरकतींसाठी ३० दिवस थांबावे लागते आणि त्यानंतर छाननी होते. अर्ज अडकतात ते बहुधा ना हरकत पत्रांवर: सहलेखक, चित्रकार, आणि प्रकाशक वेगळा असेल तर तोही.

पुस्तक निघाल्यावर त्याची पीडीएफ टेलिग्रामवर येणे ही आता वैद्यकीय लेखकांची नेहमीची डोकेदुखी आहे. स्पर्धा परीक्षांच्या एका शिक्षिकेच्या दाव्यात दिल्ली उच्च न्यायालयाने ३० ऑगस्ट २०२२ला टेलिग्रामला वाहिन्या चालवणाऱ्यांचा तपशील उघड करायला सांगितले. त्याच वर्षी २० मे रोजी सर्वोच्च न्यायालयाने कलम ६३चा, म्हणजे कॉपीराइट उल्लंघनाचा, गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचे ठरवले. शिक्षा ६ महिने ते ३ वर्षे, दंड ५० हजार ते २ लाख. शासकीय महाविद्यालयातल्या रेसिडेंटला लेखांसाठी तरी चोरट्या वाटांची गरज उरलेली नाही: जानेवारी २०२५पासून ‘वन नेशन वन सबस्क्रिप्शन’मधून केंद्र आणि राज्यांच्या सरकारी संस्थांना ३० प्रकाशकांची सुमारे १३ हजार नियतकालिके मिळतात, आपल्या संस्थेची नोंदणी झाली आहे का ते ग्रंथपालाकडे विचारायचे. खासगी महाविद्यालये यात नाहीत, ही त्या योजनेतली मोठी उणीव आहे.

स्वतःचे पुस्तक असे फुटले तर पहिल्या दिवशीच हालचाल करा. दुव्यांचे तारीख-वेळ दिसणारे स्क्रीनशॉट घ्या. दुवा पुरवणाऱ्या सेवेला कॉपीराइट नियम, २०१३मधल्या नियम ७५प्रमाणे लेखी तक्रार करा: कृतीचे वर्णन, तुम्ही मालक किंवा अनन्य परवानाधारक असल्याचा पुरावा, नेमके दुवे, ते वापर कलम ५२च्या अपवादांत बसत नाहीत हे विधान, आणि न्यायालयात दावा लावण्याची हमी. तक्रार बरोबर असल्याचे त्या सेवेला पटले तर तिने ३६ तासांत प्रवेश थांबवायचा असतो, तोही २१ दिवसांसाठी. तेवढ्यात न्यायालयाचा आदेश दाखल झाला नाही तर दुवा पुन्हा खुला करता येतो. म्हणून तक्रारीसोबतच प्रकाशकाला पत्र जायला हवे, आणि दावा कुणी लावायचा, खर्च कुणाचा, हे आधीच करारात लिहिलेले हवे.